रोमेस्को: तारागोनाचं भाजक्या टोमॅटो-मिरचीचं वाटण

कांदा-खोबऱ्याचं वाटण करताना आपण खोबरं, कांदा, धणे आणि खसखस एकदम कढईत टाकत नाही. खसखस क्षणात करपते, खोबऱ्याला थोडा वेळ लागतो, कांदा तर पंधरा-वीस मिनिटं घेतो. हे कुणी शिकवावं लागत नाही, स्वयंपाकघरात वावरता वावरता हाताला कळतं. पण परदेशी पदार्थ करायला घेतला की ही समज बाजूला पडते. मी पहिल्यांदा रोमेस्को केला तेव्हा टोमॅटो, ढोबळी मिरची, लसूण आणि बदाम एकाच ट्रेमध्ये पसरले, वर तेल ओतलं, अर्धा तास ओव्हनमध्ये ठेवलं आणि सगळं मिक्सरमधून फिरवलं. रंग सुंदर आला, पण चव आली नाही. बदाम जास्त भाजले होते, लसूण कडवट झाला होता आणि टोमॅटोतलं पाणी तसंच होतं.

रोमेस्को हे वाटण आहे. एकदा असं बघितलं की आपल्याला त्यात नवं असं फार थोडं उरतं. प्रत्येक जिन्नस त्याच्या त्याच्या वेळेने भाजायचा, कोरड्यापासून ओल्याकडे या क्रमाने वाटायचा आणि तेल शेवटी हाताने घालायचं. खालची सगळी कृती याच तीन गोष्टींवर उभी आहे.

हा सॉस कुठला

स्पेनच्या ईशान्येला कॅटलोनिया आहे. तिथे बार्सिलोनाच्या खाली, समुद्रकाठी तारागोना शहर आहे. सेराल्यो ही त्या शहरातली कोळ्यांची जुनी वस्ती, आणि रोमेस्को हे मूळचं तिथलं माशाच्या कालवणाचं वाटण मानलं जातं. लसूण, सुकी मिरची, बदाम, पाव, तेल आणि व्हिनेगर खलबत्त्यात कुटायचं, आणि त्यात मासा शिजवायचा. वाटीत घालून बुडवून खायचा सॉस हे त्याचं दुसरं रूप. आज जगभर तेच जास्त माहीत आहे.

त्यात जे पडतं ते सगळं आजूबाजूलाच पिकतं. तारागोनाजवळचं रेउस शहर हेझलनट या सुक्या मेव्यासाठी प्रसिद्ध आहे. सिउराना नावाने विकलं जाणारं तिथलं ऑलिव्ह तेल आर्बेकिना जातीच्या बारीक फळांचं असतं. ते चवीला मऊ असतं, घशाला फारसं टोचत नाही. बदामाची झाडं आणि द्राक्षाचे वेल तर सगळीकडे. टोमॅटो आणि मिरची मात्र दोन्ही अमेरिकेतून आलेले पाहुणे. कोलंबसाच्या सफरींनंतर मिरची आधी स्पेनमध्ये पोचली, आणि सोळाव्या शतकात पोर्तुगीजांबरोबर गोव्याच्या वाटेने आपल्याकडे आली. त्यामुळे या वाटणात ब्याडगी वापरताना मला परकं काही मिसळल्यासारखं वाटत नाही.

रोमेस्कोची दोन भावंडंही ओळखून ठेवावीत, कारण पाककृती शोधताना त्यांची सरमिसळ झालेली दिसते. साल्विचादा हा काल्सोत नावाच्या भाजलेल्या कांद्यांबरोबरचा सॉस, त्यात टोमॅटो जरा जास्त आणि तो थोडा सैल. शातो हा बार्सिलोना आणि तारागोना यांच्या मधल्या भागातला. तो कडसर पालेभाजी आणि खारवलेला कॉड, ट्यूना, अँचोव्ही या माशांच्या सॅलडवर घालतात. तिन्हींचा पाया एकच, प्रमाणं वेगळी. खाली दिलेलं प्रमाण रोमेस्को आणि साल्विचादा यांच्या मधलं आहे. घरी एकच बरणी करून अनेक गोष्टींबरोबर खायची असेल तर ते सोयीचं पडतं.

न्योरा आणि तिची जागा

या सॉसचा आत्मा म्हणजे न्योरा. ही लहान, गोल, लाल मिरची वाळवली की काळपट तपकिरी होते. ती जवळजवळ तिखट नसते. तिला गोडसर, मनुकांसारखा, किंचित मातकट वास असतो आणि सालीच्या आत बऱ्यापैकी गर असतो. ती कोमट पाण्यात भिजवून चिरतात, बिया काढतात आणि आतला गर चमच्याने खरवडून घेतात. साल टाकून देतात.

आपल्याकडे न्योरा सहज मिळत नाही. परदेशातून कुणी आणणार असेल तर दहा-बारा मागवून ठेवा. हवाबंद डब्यात, अंधारात त्या बरेच महिने टिकतात. नसेल तर ब्याडगी घ्या. रंग गडद, तिखटपणा बेताचा, वास भरगच्च. काश्मिरी मिरचीही चालते, तिचा रंग उजळ येतो, पण वास मला ब्याडगीचा आवडतो. लवंगी किंवा संकेश्वरी नको. तिखटपणा पुढे आला की बदामाची चव मागे पडते, आणि हा सॉस बदामासाठीच करायचा असतो.

ब्याडगीत एक उणीव आहे. तिची साल पातळ आणि सुरकुतलेली असते, आत खरवडण्याजोगा गर फारसा नसतो. न्योरातून जो गोड, दाट गर मिळतो तो हिच्यातून मिळत नाही. म्हणून मी तिच्या जोडीला एक लाल ढोबळी मिरची भाजून घालते. रंग आणि वास ब्याडगीचा, गोडवा आणि गर ढोबळीचा. परदेशातल्या बऱ्याच पाककृतींत न्योरा गाळून फक्त ढोबळी मिरची वापरतात. तो सॉस चांगला लागतो, पण त्यात सुक्या मिरचीची खोली नसते. सुकी मिरची वगळू नका.

धुरकट पापरिका, म्हणजे धुरावर वाळवलेल्या लाल मिरचीची पूड, घालायचीही पद्धत दिसते. ती स्पेनचीच, पण पश्चिमेकडच्या एक्स्त्रेमादुरा भागातली. पाव चमच्यापेक्षा जास्त घातली तर बाकी कशाचीच चव लागत नाही. टोमॅटो आणि मिरची विस्तवावर नीट भाजली तर तिची गरजच पडत नाही.

काय काय लागेल

एवढ्या साहित्यात साधारण ५०० ते ६०० ग्रॅम सॉस होतो. सहा जणांना पोटभर पुरतो.

पिकलेले लाल टोमॅटो ५०० ग्रॅम
लाल ढोबळी मिरची १ मध्यम (न्योरा असेल तर नको)
ब्याडगी मिरच्या ६, किंवा न्योरा ४
लसणाचा १ अख्खा गड्डा, शिवाय १ कच्ची पाकळी
बदाम ६० ग्रॅम
हेझलनट ४० ग्रॅम
शिळ्या पावाची १ जाड चकती, सुमारे ३० ग्रॅम
ऑलिव्ह तेल १२० मिली, शिवाय पाव तळायला २ मोठे चमचे
वाइनचं व्हिनेगर २ मोठे चमचे (३० मिली)
मीठ १ लहान चमचा, नंतर चवीप्रमाणे

टोमॅटो पूर्ण पिकलेलेच हवेत. बाजारातले लांबट, कडक टोमॅटो घेतलेत तर दोन-तीन दिवस घरात बाहेर ठेवून लालभडक होऊ द्या. अर्धकच्चा टोमॅटो भाजला की नुसता आंबट होतो.

हेझलनट मोठ्या शहरांतल्या सुक्या मेव्याच्या दुकानांत किंवा ऑनलाइन मिळतात. खारवलेले घेऊ नका. मिळालेच नाहीत तर १०० ग्रॅम बदामच घ्या, काही बिघडत नाही. महागडे ममरा बदामही नकोत, साधे चालतात. काजू मी घालत नाही. काजूने सॉस गुळगुळीत आणि गोड होतो, दाण्याचा रवाळपणा जातो. शेंगदाण्याचा वास इतका ओळखीचा की त्याने ही आपली नेहमीची चटणी होते. ती मला प्रिय आहे, पण ती वेगळी गोष्ट.

पाव जरा कडक पाठीचा असावा. लादीपाव वापरायचा असेल तर आदल्या दिवशीचा घ्या आणि कापून तासभर उघडा ठेवा. व्हिनेगर पांढरं, कृत्रिम घेऊ नका. त्याचा नाकात जाणारा वास शेवटपर्यंत राहतो. रेड वाइनचं किंवा शेरीचं व्हिनेगर उत्तम. गोव्यात माडाच्या सुरेपासून केलेलं व्हिनेगर मिळतं. ते मऊ आणि किंचित फळाळ असतं, या सॉसला छान जुळतं.

भाजणं

एकूण तासभर लागतो, पण त्यातला बराच वेळ पदार्थ आपला आपण भाजला जात असतो. सुरुवातीला ब्याडगी भिजत घाला, मग टोमॅटो आणि लसूण लावा, मग ढोबळी मिरची, आणि ती वाफेत मऊ होत असताना सुका मेवा. पाव सगळ्यात शेवटी.

ब्याडगीची देठं काढा, उभी चिरून बिया झटका आणि आतल्या पांढऱ्या शिराही सुरीच्या टोकाने काढा. मिरचीचा तिखटपणा मुख्यतः त्या शिरांतच असतो. सगळ्यांनीच बियांना दोष दिलेला असतो म्हणून शिरा तशाच राहतात, आणि मग सॉस तिखट का झाला ते कळत नाही. मिरच्या वाटीत घालून वर कडकडीत गरम, पण उकळतं नसलेलं पाणी ओता आणि छोटी ताटली उलटी ठेवून अर्धा तास बुडवून ठेवा. भिजवलेलं पाणी टाकू नका, पण ते आधी चाखून बघा. कडवट असेल तर वापरायचं नाही.

टोमॅटो आडवे अर्धे कापा. ओव्हन असेल तर २०० अंश सेल्सिअसला तापवा, कापलेली बाजू वर ठेवून ट्रेमध्ये मांडा, वर चिमूटभर मीठ आणि चमचाभर तेल. ४५ ते ५० मिनिटं. कॅटलोनियात टोमॅटो बहुतेकदा अख्खे भाजतात, पण आपले टोमॅटो कापून भाजले की पाणी लवकर आटतं. कडा काळसर, मधला भाग आक्रसलेला आणि ट्रेमध्ये पाण्याऐवजी दाट, चिकट रस दिसला की झाले. सुमारे निम्मं वजन जायला हवं. टोमॅटो पुरेसा आटला नाही तर पुढे कितीही बदाम घातले तरी सॉस पाणचटच लागतो. म्हणून टोमॅटोवर घाई करू नका.

ओव्हन नसेल तर जाड लोखंडी तवा घ्या. तवा चांगला तापला की चमचाभर तेल, आणि टोमॅटो कापलेल्या बाजूने खाली. मध्यम आचेवर आठ-दहा मिनिटं हलवायचे नाहीत. खाली काळा-तपकिरी थर धरू द्या. मग उलथण्याने खरवडून उलटा, आच मंद करा आणि झाकण न ठेवता पंधरा-वीस मिनिटं रस आटवा. थेट जाळावर टोमॅटो भाजता येतो, पण तो फुटतो, रस बर्नरमध्ये गळतो आणि आत कच्चाच राहतो.

लसणाचा गड्डा अख्खा ठेवा, वरचा शेंडा कापून पाकळ्यांची टोकं उघडी करा, थोडं तेल चोळा आणि फॉइलमध्ये बांधा. ओव्हनमध्ये टोमॅटोशेजारी ३५ ते ४० मिनिटं. आपल्या देशी लसणाच्या पाकळ्या बारीक असतात, तो २५ मिनिटांतच होतो. तव्यावर करायचा तर फॉइलची पुडी मंद आचेवर झाकण ठेवून, दर पाच-सात मिनिटांनी फिरवत अर्धा तास. दाबली की पाकळी लोण्यासारखी बाहेर यायला हवी, रंग फिकट मधासारखा. गडद तपकिरी झाला तर तो गड्डा बाजूला ठेवा आणि दुसरा भाजा. कडू लसूण सॉसमध्ये लपत नाही.

ढोबळी मिरची भरताच्या वांग्यासारखीच. गॅसवर जाळी ठेवून मोठ्या आचेवर, चिमट्याने फिरवत, सगळीकडून काळी होईपर्यंत दहा-बारा मिनिटं. लगेच भांड्यात घालून वर झाकण ठेवा. पंधरा मिनिटं आपल्याच वाफेत राहिली की साल हाताने निघते. नळाखाली धुऊ नका, भाजल्याची सगळी चव पाण्याबरोबर जाते. बोटं ओली करून साल पुसून काढा. एक-दोन काळे ठिपके राहिले तर राहू द्या. देठ, बिया, शिरा काढून गराच्या पट्ट्या करा.

बदाम उकळत्या पाण्यात एक मिनिट टाका, गार पाण्यात घाला आणि चिमटीत धरून साल सरकवा. मग फडक्याने अगदी कोरडे करा. ओले बदाम भाजले जात नाहीत, नुसते शिजतात. हेझलनटची साल पाण्याने निघत नाही. ते आधी भाजायचे, मग गरम असतानाच जाडसर फडक्यात गुंडाळून जोरात चोळायचे. सालं भुशासारखी सुटतात. हे काम टाळू नका, कारण हेझलनटची साल तुरट आणि कडसर असते.

सुका मेवा भाजायचा तो १७० अंशांवर, दहा ते बारा मिनिटं, किंवा कढईत मंद आचेवर सतत हलवत तेवढाच वेळ. बदाम आणि हेझलनट वेगवेगळे भाजा. हेझलनट आधी होतात. एक दाणा अर्धा तोडून बघा. आतून फिकट बिस्किटासारखा रंग आला की लगेच थंड ताटात पसरा. गरम कढईत ठेवले तर ते भाजलेच जातात आणि दोन मिनिटांत पुढे निघून जातात. डोळ्यांपेक्षा नाकावर विश्वास ठेवा. घरभर दरवळ सुटला की थांबायची वेळ झालेली असते.

पाव दोन चमचे ऑलिव्ह तेलात मध्यम आचेवर दोन्ही बाजूंनी सोनेरी तळा. बाहेरून कुरकुरीत, आतून थोडा मऊ. भाजलेला, टोस्टरमधला पाव चालतो, पण तळलेल्याची चव वेगळी. कॅटलान स्वयंपाकात सुका मेवा, लसूण आणि तळलेला पाव कुटून कालवणात शेवटी घालायचं एक वाटण असतं, त्याला पिकाडा म्हणतात. रोमेस्को त्याच घराण्यातला आहे. पाव फक्त दाटपणासाठी नसतो, तो तेल आणि आंबट रस दोन्ही धरून ठेवतो.

वाटणं

दगडी खलबत्ता असेल आणि हाताला ताकद असेल तर एकदा तरी त्यात करा. आधी कच्ची लसणाची पाकळी आणि मीठ. मिठाच्या कणांनी लसूण पटकन लगदा होतो. मग बदाम आणि हेझलनट थोडे थोडे, मग पाव, मग मिरचीचा गर, मग भाजका लसूण, शेवटी टोमॅटो. कुटलेल्या सॉसमध्ये काही दाणे बारीक, काही भरड राहतात आणि प्रत्येक घास वेगळा लागतो.

मिक्सरमध्येही हाच क्रम, फक्त थांबत थांबत. चटणीच्या छोट्या भांड्यात आधी नुसता गार झालेला सुका मेवा घ्या आणि बटण दाबत-सोडत सात-आठ वेळा फिरवा. जाड रव्यासारखा झाला की थांबा. सलग फिरवलात तर तेल सुटून त्याचं लोणी होतं, आणि तो रवाळपणा परत आणता येत नाही. हा रवा वाडग्यात काढा. त्याच भांड्यात तळलेला पाव तुकडे करून फिरवा, तोही त्याच वाडग्यात.

आता भिजलेली ब्याडगी, कच्च्या लसणाची पाकळी आणि भिजवलेल्या पाण्याचे दोन चमचे, ते कडवट असेल तर साधं पाणी. हे मात्र अगदी गंधासारखं वाटा. ब्याडगीच्या सालीचे कण दातात येतात, म्हणून वाटून झालं की गाळणीतून चमच्याने दाबून गाळा. वर राहिलेला चोथा टाकून द्या. न्योरा असेल तर हे काहीच करावं लागत नाही, नुसता खरवडलेला गर घ्या आणि कच्चा लसूण मिठाबरोबर ठेचून त्यात मिसळा.

मग टोमॅटो, ढोबळीचा गर आणि भाजक्या लसणाच्या पाकळ्या सालीतून पिळून भांड्यात घाला आणि तीन-चार वेळाच फिरवा. टोमॅटोची साल जाड आणि करपलेली असेल तर आधी ओढून काढा. हे सगळं, मिरचीचं वाटण, व्हिनेगर आणि मीठ वाडग्यातल्या रव्यात मिसळा.

आणि आता तेल. ते मिक्सरमध्ये घालू नका. उंची ऑलिव्ह तेल पात्याच्या वेगात घुसळलं गेलं की कधी कधी कडवट होतं. वाडग्यात चमच्याने ढवळत बारीक धारेने घाला. निम्मं तेल गेलं की सॉस चकचकीत दिसायला लागतो, चमच्याला धरून राहतो. शेवटचे दोन-तीन चमचे चव बघूनच. तयार सॉस चमच्यातून घरंगळत पडावा. लगेच गळाला तर सैल, तसाच चिकटून राहिला तर फार घट्ट.

तेलाबद्दल आणखी एक. १२० मिली बघून हात आखडतो, मलाही आधी तसंच व्हायचं. पण तेल कमी केलं तर उरतं ते टोमॅटोचं पिठूळ वाटण. खर्चाचा प्रश्न असेल तर सगळं प्रमाण निम्मं करा, तेल एकट्याचं नको.

आता झाकून दोन तास तरी ठेवा. ताज्या सॉसमध्ये कच्चा लसूण आणि व्हिनेगर वेगवेगळे बोलतात. दोन तासांनी ते एक होतात, पाव फुगतो आणि सॉस थोडा घट्ट होतो. मीठ आणि आंबटपणा त्यानंतरच पक्का करा.

बिघडलं तर

आंबट झाला असेल तर साखर टाकायच्या आधी दोन चमचे भाजलेल्या बदामाची भरड मिसळून बघा. बहुतेकदा तेवढ्याने भागतं. फार सैल असेल तर अजून थोडा तळलेला पाव चुरून घाला आणि पंधरा मिनिटं थांबा. तेल वर तरंगायला लागलं तर चमचाभर कोमट पाणी घालून जोरात फेटा, पुन्हा एकजीव होतो. कच्च्या लसणाचा भपकारा येत असेल तर काही करू नका, रात्रभर ठेवा.

कडवटपणाला उपाय नाही. करपलेला लसूण, जास्त भाजलेला मेवा, हेझलनटची साल किंवा मिरची भिजवलेलं पाणी, यांपैकी एक त्याचं कारण असतं. सगळं एकत्र करायच्या आधी प्रत्येक जिन्नस जिभेवर ठेवून बघायची सवय म्हणूनच लावून घ्यावी. शंका आली तर तेवढाच जिन्नस बदलता येतो.

ठेवणं

स्वच्छ, कोरड्या काचेच्या बरणीत भरा, वर बोटभर जागा सोडून तेलाचा पातळ थर द्या आणि फ्रिजमध्ये ठेवा. पाच-सहा दिवसांत संपवा. वर तेल आहे म्हणून लोणच्यासारखी ही बरणी बाहेर ठेवायची नाही. तेलात बुडालेला लसूण उबेत राहिला तर त्यात विषारी जिवाणू वाढू शकतात, आणि ते वासावरून कळत नाही. जास्त केला असेल तर लहान डब्यांत भरून फ्रीझरमध्ये दोन महिने ठेवता येतो. वितळल्यावर फेटून घ्या. आणि पाहुण्यांना वाढण्याआधी यात बदाम आणि हेझलनट आहेत हे आवर्जून सांगा. सॉसकडे नुसतं बघून ते ओळखू येत नाही, आणि सुक्या मेव्याची ॲलर्जी जिवावर बेतू शकते.

कशाबरोबर खायचा

या सॉसची सगळ्यात मोठी पंगत तारागोनापासून जवळच्या वाल्स गावाची. हिवाळ्यात तिथे काल्सोत खातात. कांदा पुन्हा जमिनीत लावून, त्याला फुटणाऱ्या कोंबांना जसजसे वाढतील तशी मातीची भर लावत जातात. ऊन न लागल्यामुळे वीतभर दांडा पांढरा आणि कोवळा राहतो. 'काल्सोत' हे नावच या भर लावण्यावरून पडलं आहे. द्राक्षवेलीच्या छाटलेल्या काड्यांचा जाळ करून त्यावर हे कांदे बाहेरून पूर्ण काळे होईपर्यंत भाजतात, जुन्या वर्तमानपत्रात गुंडाळून वाफेत मऊ होऊ देतात आणि छपराच्या कौलावर घालून वाढतात. खाताना गळ्यात रुमाल बांधायचा, एका हाताने वरची हिरवी पात धरायची, दुसऱ्याने काळं आवरण खाली ओढून काढायचं, पांढरा दांडा सॉसमध्ये बुडवायचा, मान मागे टाकायची आणि वरून तोंडात सोडायचा. हात काळे, हनुवटीवर सॉस. मग निखाऱ्यांवरचे सॉसेज आणि कोकराचं मटण, शेवटी संत्री. जानेवारीच्या शेवटच्या रविवारी वाल्समध्ये याचा मोठा उत्सव असतो. कास्टेल म्हणजे माणसांचे मनोरे रचायची कॅटलान परंपरा, युनेस्कोने २०१० साली वारशाच्या यादीत घेतलेली, तीही याच गावात जन्मली असं मानतात. आपल्या दहीहंडीच्या थरांची आठवण झाल्यावाचून राहत नाही.

मला मात्र काल्सोतांच्या पंगतीत हुरडा दिसतो. तोच थंडीचा मोसम, तेच शेत, विस्तवाभोवती बसून हातांनी खाणं, आणि सोबतीला वाटलेली चटणी. म्हणून आपल्याकडे हिवाळ्यात जाड दांड्याचा पातीचा कांदा बाजारात आला की मी रोमेस्को करते. शक्य तितके जाड बघून दहा-पंधरा कांदे प्रत्येकी घ्या. मुळं कापा, पण धुऊ नका, फक्त माती झटका. कोळशाच्या शेगडीवर जाळी ठेवून बाहेरची सालं काळी होईपर्यंत भाजा, मग सुती फडक्यात गुंडाळून पंधरा मिनिटं ठेवा. आपला दांडा काल्सोतापेक्षा बारीक असतो, त्यामुळे आठ-दहा मिनिटंच पुरतात. नाशिक-सांगलीकडे द्राक्षाच्या छाटणीच्या काड्या सहज मिळतील, पण बागांवर औषधांच्या फवारण्या होतात. त्या जाळावर थेट खायचं काही भाजण्यापेक्षा कोळसा बरा.

भाजलेले बटाटे, फ्लॉवर, वांग्याच्या चकत्या, उकडलेली अंडी, तव्यावरची सुरमई किंवा कोळंबी, सगळ्यांबरोबर हा सॉस जातो. फक्त तो गरम करू नका. घरातल्या तापमानाला आणून वाढा.

गरम करायचा असेल तर त्याचं जुनं रूप करा, म्हणजे माशाचं कालवण. चार जणांसाठी माशाची डोकी आणि काटे अर्ध्या तासाहून जास्त न उकळता अर्धा लिटर रस्सा काढून गाळून घ्या. पसरट भांड्यात दोन चमचे ऑलिव्ह तेलावर वरचं वाटण वाटीभर घालून मंद आचेवर दोन-तीन मिनिटं परता, तेल कडेने सुटेपर्यंतच. रस्सा थोडा थोडा घालत सैल करा, मीठ बघा, एक उकळी आणा. मग मिठाने चोळून ठेवलेले सुरमईचे जाड तुकडे त्यात सोडा, झाकण ठेवून सहा-सात मिनिटं मंद आचेवर ठेवा. चमच्याने ढवळू नका, भांडं दोन्ही कानांनी धरून हलवा, म्हणजे तुकडे मोडत नाहीत. कोळंबी घालायची असेल तर ती शेवटच्या तीन मिनिटांत. सोबत कडक पाव द्या. भात वाढलात तर रस्सा आणखी पाऊण वाटी वाढवा.